काळाचा बांध : मराठी विज्ञानकथेतील कालविक्षोभ आणि धामापूर परिसरातील लोककल्पना

प्रास्ताविक

मराठी विज्ञानसाहित्याची समीक्षा दीर्घकाळ एकाच प्रश्नाभोवती घोटाळत राहिली आहे. कथेत आलेले विज्ञान बरोबर आहे की चूक, आणि ते कथेत एकजीव झाले आहे की वरून चिकटवले आहे, हा तो प्रश्न होय. या प्रश्नाचे महत्त्व नाकारण्याचे कारण नाही. परंतु त्याच्या आहारी गेल्यामुळे विज्ञानकथेच्या आशयाविषयीचे कितीतरी अन्य प्रश्न उपस्थितच झाले नाहीत. त्यांपैकी एक प्रश्न काळाविषयीचा आहे. काळाच्या ओघात विक्षोभ निर्माण झाला, घडलेले न घडलेले झाले किंवा दोन काळ एकमेकांत मिसळले, तर तो विक्षोभ शमवायचा कोणी, कोणत्या साधनाने आणि कोणाच्या संमतीने? पाश्चात्त्य विज्ञानकथेने या प्रश्नासाठी एक स्वतंत्र अभियांत्रिकीच कल्पिली. मराठी विज्ञानकथेने विक्षोभ रंगवला. शमनाच्या बाबतीत मात्र ती संकोचून राहिली. प्रस्तुत लेखात या संकोचाचा विचार जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचं पानिपत’ या कथेच्या आधारे केला आहे. तुलनेसाठी सिंधुदुर्ग जिल्ह्यातील मालवण तालुक्यातल्या धामापूर तलावाची दंतकथा आणि त्याच तालुक्यातील गावपळणीची प्रथा घेतली आहे. दंतकथा आणि विज्ञानकथा एका तराजूत तोलणे काहींना अप्रस्तुत वाटेल. तथापि दोहोंचा व्यवहार काळाशीच आहे, आणि काळ दुरुस्त करण्याविषयी दंतकथेपाशी व प्रथेपाशी जे सांगण्यासारखे आहे ते मराठी विज्ञानकथेने अद्याप ऐकलेले नाही, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

काळाची अभियांत्रिकी : एक साहित्यिक परंपरा

एच. जी. वेल्स यांची ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी १८९५ साली प्रसिद्ध झाली. तिच्यातील प्रवासी भविष्यात जातो, पाहतो आणि परत येतो. काळ त्याच्यासाठी एक प्रदेश आहे. त्या प्रदेशाची मोडतोड होऊ शकते ही शंका तेथे फारशी डोकावत नाही. ती शंका विसाव्या शतकाच्या मध्यावर बळावली. रे ब्रॅडबरी यांच्या १९५२ च्या ‘अ साउंड ऑफ थंडर’ या कथेत प्रागैतिहासिक काळात शिकारीला गेलेल्या माणसाच्या पायाखाली एक फुलपाखरू चिरडते आणि तो परततो तेव्हा त्याचे वर्तमान बदललेले असते. येथे विक्षोभ आहे, पण उपाय नाही.

उपायाची कल्पना तपशिलाने मांडली ती आयझॅक असिमॉव्ह यांनी. त्यांच्या १९५५ च्या ‘दि एंड ऑफ इटर्निटी’ या कादंबरीत काळाच्या बाहेर वसलेली एक संस्था शतकानुशतकांच्या इतिहासावर देखरेख ठेवते. गणिते मांडणारे वेगळे, समाजाचा अभ्यास करणारे वेगळे आणि प्रत्यक्ष बदल घडवणारे तंत्रज्ञ वेगळे, अशी तिची उतरंड आहे. एखादे युद्ध किंवा एखादी आपत्ती टाळण्यासाठी कमीत कमी किती हस्तक्षेप पुरेल याचा हिशेब केला जातो. फळीवरचा एक डबा उचलून दुसऱ्या फळीवर ठेवणे एवढी क्षुल्लक कृतीही पुरेशी ठरते. तंत्र म्हणून ही कल्पना विलक्षण आहे. कादंबरीचा रोख मात्र तंत्राच्या कौतुकावर नाही. ज्या लोकांचे आयुष्य पुसून पुन्हा लिहिले जाते त्यांना कोणीही विचारलेले नसते, आणि प्रत्येक धोका आधीच काढून टाकल्यामुळे मानवजात ताऱ्यांपर्यंत पोहोचण्याचे साहसच गमावून बसते. अखेरीस ती संस्था अस्तित्वातच येणार नाही अशी व्यवस्था नायकाला करावी लागते. कार्यालयीन उतरंडीचा परिचय असलेल्या कोणाही वाचकाला ही कादंबरी काळापेक्षा फायलींविषयीची अधिक वाटेल, आणि ते फारसे चुकीचे ठरणार नाही.

भौतिकशास्त्रातही हा प्रश्न केवळ कल्पनाविलासाचा राहिलेला नाही. कुर्ट ग्योडेल यांनी १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्या समीकरणांची अशी एक उकल दाखवली की जिच्यात भूतकाळाकडे वळून येणारे मार्ग संभवतात. १९९२ मध्ये स्टीफन हॉकिंग यांनी निसर्गनियमच अशा मार्गांना अटकाव करीत असावेत असा तर्क मांडला. म्हणजे विक्षोभ शमवण्याचे काम हॉकिंग यांनी निसर्गावर सोपवले, तर असिमॉव्ह यांनी नोकरशाहीवर.

नारळीकरांच्या संशोधनातील काळ

जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांच्या विज्ञानकथांची चर्चा करताना त्यांचे वैज्ञानिक असणे प्रास्ताविकापुरते सांगितले जाते आणि मग बाजूला ठेवले जाते. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेसाठी त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप या नावाने पाठवली व तिला पहिले पारितोषिक मिळाले, हा प्रसंग तर पाठ्यपुस्तकी झाला आहे. स्वतःच्या नावाची आद्याक्षरे उलट क्रमाने घेऊन त्यांनी हे टोपणनाव सिद्ध केले होते. क्रम उलटण्याचा हा खेळ काळाच्या दिशेवर संशोधन केलेल्या माणसाने करावा, यात एक गंमत आहे.

ते संशोधन येथे प्रस्तुत आहे. विद्युतचुंबकीय लहरींची समीकरणे काळाच्या दोन्ही दिशांना सारखीच लागू पडतात. त्यांच्या एका उकलीत लहर उगमापासून भविष्याकडे जाते, दुसऱ्या उकलीत भूतकाळाकडे. प्रत्यक्षात मात्र पहिलीच अनुभवाला येते. तलावात खडा टाकला असता तरंग काठाकडे पसरत जातात. काठावरून निघालेले तरंग नेमके मध्यावर जमून खडा वर उसळला असे कोणी पाहिलेले नाही. असे का, या प्रश्नाला जॉन व्हीलर व रिचर्ड फाइनमन यांनी १९४५ मध्ये एक उत्तर दिले. त्यांच्या मते विश्वातील भविष्यकालीन शोषक पदार्थ जो प्रतिसाद देतो त्यामुळे भूतकाळाकडे जाणारा अंश नाहीसा होतो. फ्रेड हॉइल व नारळीकर यांनी १९६४ च्या शोधनिबंधात हा विचार प्रसरणशील विश्वाला लावून पाहिला. भूतकाळाकडचा अंश नीट पुसला जाण्यास स्थिर स्थितीचे विश्व अनुकूल ठरते, सतत प्रसरण पावणारी महास्फोटी प्रतिमाने ठरत नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष होता. स्थिर स्थितीचा सिद्धान्त पुढे बहुसंख्य विश्वशास्त्रज्ञांनी बाजूला सारला, हे खरे. साहित्याच्या अभ्यासकासाठी लक्षणीय गोष्ट वेगळी आहे. येथे काळाचा विक्षोभ एखादा तंत्रज्ञ शमवीत नाही आणि एखादी संस्थाही शमवीत नाही. सारे विश्व मिळून तो शमवते. काठ जितका शोषक, तितका तलाव शांत.

हॉइल यांनीही कथात्म लेखन केले होते. त्यांच्या १९६६ च्या ‘ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट’ या कादंबरीत पृथ्वीवरील निरनिराळे प्रदेश निरनिराळ्या काळांत जाऊन पडतात. इंग्लंडमध्ये चालू वर्ष, फ्रान्समध्ये पहिले महायुद्ध, ग्रीसमध्ये प्राचीन काळ. हे तुकडे जुळवण्याचे तंत्र कोणाच्याच हाती नाही. नायक तर एक संगीतकार आहे. केंब्रिजमधील गुरूची ही कादंबरी आणि पुण्यातील शिष्याची पानिपतविषयक कथा शेजारी ठेवून वाचण्याचा प्रयत्न मराठीत व्हायला हवा होता.

‘गंगाधरपंतांचं पानिपत’

कथा मराठी वाचकाला परिचित आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे मालमोटारीच्या धडकेत सापडतात आणि जागे होतात ते १४ जानेवारी १७६१ ची पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेल्या जगात. मुंबईत अद्याप इंग्रजांचा व्यापारी अंमल आहे, उर्वरित देश मात्र परकीय सत्तेखाली कधी गेलेलाच नाही. एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात बसून ते दोन्ही इतिहास कोठे वेगळे झाले याचा माग काढतात. एका बखरीत त्यांना दिसते की विश्वासरावांना लागलेली गोळी या जगात तिळभर अंतराने हुकली होती. सायंकाळी आझाद मैदानावरील सभेत ते अध्यक्षाची रिकामी खुर्ची पाहून तीवर जाऊन बसतात, जमाव खवळतो, आणि ते पुन्हा आपल्या जगात परततात. खिशात बखरीचे फाटलेले एक पान उरते. मित्र राजेंद्र देशपांडे त्यांना आपत्ती सिद्धान्त आणि पुंजभौतिकीतील अनिश्चितता यांच्या साहाय्याने घडल्या प्रकाराचे स्पष्टीकरण देतो.

या कथेचे यश वादातीत आहे. मराठी माणसाच्या मनातील सर्वांत मोठी ऐतिहासिक जखम तिने निवडली आणि तिच्यावर हळहळीऐवजी विचाराचे बोट ठेवले. विश्वास पाटील यांची ‘पानिपत’ ही कादंबरी १९८८ मध्ये आली व त्या जखमेला तिने विराट करुण रूप दिले. नारळीकरांची कथा करुणाची वाट धरीत नाही. ती विनोदी अंगाने जाते, कारण सभांची अध्यक्षपदे भूषवण्याची सवय जडलेला एक प्राध्यापक अध्यक्षच नको असलेल्या समाजात सापडतो. (महाविद्यालयीन वर्तुळात या कथेला जी विशेष दाद मिळते तिचे कारण येथे असावे.) तिचे इंग्रजी रूपांतर ‘द अ‍ॅडव्हेंचर’ या नावाने राष्ट्रीय शैक्षणिक परिषदेच्या २००६ च्या अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकात समाविष्ट झाले. परिणामी देशभरातील विद्यार्थ्यांना पानिपत भेटते ते इंग्रजीतून, आणि अनेक मराठी विद्यार्थ्यांनाही ही मूळची मराठी कथा आहे याची जाणीव नसते.

तथापि कथेच्या गृहीतकाची तपासणी केली पाहिजे. इतिहास दोन वाटांना फुटतो तो एका गोळीच्या ठिकाणी. आपत्ती सिद्धान्ताचा आधार येथे नेमका याचसाठी घेतला आहे. रेने तोम यांच्या १९७२ च्या ग्रंथामुळे प्रसिद्ध झालेला हा सिद्धान्त सांगतो की एखादी व्यवस्था समतोलाच्या कडेला आली असता अत्यल्प बदलानेही ती एका अवस्थेतून दुसरीत झेप घेते. सिद्धान्ताचा हा वापर गणिती दृष्ट्या आकर्षक आहे. ऐतिहासिक दृष्ट्या मात्र तो अर्धाच आहे. पानिपतावर मराठी सैन्य त्या दिवशी दुपारी कडेला आले नव्हते. महिनोन्‌महिने ते कडेकडे सरकत होते. रसद तुटली होती, जनावरे मरत होती, उपासमारीमुळे छावणी सोडून लढाई देणे भाग पडले होते. उत्तरेत भरवशाचा मित्र उरला नव्हता, आणि लढाऊ सैन्याच्या गळ्यात बाजारबुणगे व यात्रेकरू यांचा प्रचंड जमाव होता. त्र्यंबक शंकर शेजवलकर यांच्या १९४६ च्या ‘पानिपत : १७६१’ या इंग्रजी ग्रंथापासून पुढील अभ्यासकांनी या व्यापक कारणांकडे वारंवार लक्ष वेधले आहे. गोळी हुकली असती तर दुपार कदाचित वेगळी गेली असती. परंतु त्या दुपारीच्या आधीची उपाशी छावणी गोळी हुकल्याने जेवती झाली नसती.

म्हणजे नारळीकरांनी विक्षोभाचा बिंदू निवडला तो असिमॉव्ह यांच्या फळीवरील डब्याइतकाच लहान. फरक असा, की असिमॉव्ह यांच्या कादंबरीत डबा हलवणारा कोणीतरी आहे आणि त्याला आपल्या कृतीची बोचणी आहे. नारळीकरांच्या कथेत गोळी हुकवणारा कोणी नाही. ती यदृच्छेने हुकते, गंगाधरपंत यदृच्छेने पलीकडे जातात आणि यदृच्छेनेच परततात. कर्तृत्व कोणाचेच नसल्यामुळे जबाबदारीही कोणाची उरत नाही. पलीकडचे जग अधिक स्वाभिमानी आहे असे गंगाधरपंतांना वाटते. मग त्या जगाकडून हे जग काय शिकेल, किंवा या जगातील जखम त्या दर्शनाने कशी भरेल, हा प्रश्न कथा स्वतःला विचारीत नाही. समाजाच्या पातळीवर काहीच हलत नाही. बदल होतो तो एका व्यक्तीच्या सवयीत. हजारावे अध्यक्षीय भाषण करण्याची गंगाधरपंतांची इच्छा मावळते, इतकेच.

लघुकथेकडून याहून अधिकाची अपेक्षा करणे हा अन्याय नव्हे काय, असा आक्षेप येऊ शकतो. एकट्या कथेपुरता तो ग्राह्य आहे. पण ही कथा मराठीतील पर्यायी इतिहासाचा आदर्श नमुना म्हणून गणली गेली आणि तिच्या साच्यानेच काळाचा विचार करण्याची सवय वाचकाला लागली. एकटा सुशिक्षित पुरुष, अचानक धक्का, दर्शन, परतणे, आणि विज्ञान जाणणाऱ्या मित्राने केलेला उलगडा, असा तो साचा आहे. साच्याची चिकित्सा कथेच्या थोरवीला बाध आणीत नाही.

धामापूर : काळ अडवण्याचे तंत्र

मालवण–कुडाळ रस्त्यावरील धामापूर गावातील तलाव १५३० साली बांधला गेला. विजयनगरचे मांडलिक नागेश देसाई यांनी धामापूर व काळसे या दोन गावांतील लोकांच्या श्रमातून तो उभा केला, असे सांगितले जाते. डोंगरांच्या मधली जागा मातीच्या बांधाने अडवली आहे आणि काठावर भगवती देवीचे मंदिर आहे. सिंचन व जलनिस्सारण यांविषयीच्या आंतरराष्ट्रीय आयोगाने २०२० मध्ये जागतिक वारसा सिंचन रचनांच्या यादीत त्याचा समावेश केला. त्या वर्षी भारतातून निवडलेल्या अन्य रचना आंध्र प्रदेशातील होत्या. महाराष्ट्रातील हा एकच.

अशा तलावाकडे पाण्याचा साठा म्हणून पाहिले जाते. तो काळाचाही साठा आहे, हे क्वचित ध्यानात येते. कोकणात सुमारे तीन हजार मिलिमीटर पाऊस चार महिन्यांत कोसळतो आणि उरलेले आठ महिने आकाश कोरडे असते. जांभा खडक सच्छिद्र असल्याने पाणी जमिनीत फार काळ टिकत नाही; ज्या गावात श्रावणात वाट सापडत नाही त्याच गावात वैशाखात विहिरीचा तळ दिसतो. पावसाचे प्रमाण येथे अपुरे नाही. तो वर्षाच्या एकाच टोकाला गोळा होतो, हा विक्षोभ आहे. मातीचा बांध पाण्याचे थेंबभरही उत्पादन करीत नाही. तो आषाढ अडवून ठेवतो आणि थोडा थोडा करून फाल्गुन-चैत्राला देतो. पाटाच्या पाण्यावर वायंगणी भात होते, माड-पोफळीच्या बागा उन्हाळा काढतात. काळाचा विक्षोभ स्थिर करण्याची अभियांत्रिकी शोधण्यासाठी काल्पनिक यंत्राकडे जाण्याची आवश्यकता राहत नाही. ती पावणेपाचशेहून अधिक वर्षे धामापुरात चालू आहे.

या तलावाशी निगडित दंतकथा सर्वश्रुत आहे. गावात कोणाचे लग्नकार्य निघाले आणि घरात दागिने नसले, तर फुलांची परडी तळ्यात सोडायची. परडी पाण्याखाली जाई आणि वर येई ती सोन्याच्या दागिन्यांनी भरून. कार्य पार पडले की दागिने पुन्हा तळ्याला परत करायचे. पुढे कोणा एकाला लोभ सुटला, त्याने दागिने परत केले नाहीत, आणि तेव्हापासून परडी रिकामीच राहिली.

कार्यासाठी भांडी किंवा दागिने देणाऱ्या तळ्यांच्या, डोहांच्या आणि विहिरींच्या कथा महाराष्ट्रात ठिकठिकाणी ऐकू येतात. इंग्लंडमध्ये सरे परगण्यातील फ्रेन्शम येथेही अशीच कथा आहे. तेथे मागितलेली वस्तू अदृश्य शक्ती उसनी देत. एक कढई ठरलेल्या मुदतीत परत न गेल्याने ते देणे कायमचे थांबले. सतराव्या शतकात जॉन ऑब्री यांनी ती नोंदवली. तेव्हा धामापूरची कथा एकमेव नाही. परंतु कथाबीज सार्वत्रिक असले तरी ते कोठे रुजते याला अर्थ असतो. फ्रेन्शमची कढई गावच्या चर्चमध्ये ठेवलेली आहे. ती एक कुतूहलाची वस्तू झाली. धामापूरची परडी मात्र अशा तळ्यात बुडते, जे स्वतःच एका ऋतूकडून उसने घेऊन दुसऱ्या ऋतूला देत असते. बांधाचे काम आणि परडीचे काम एकच आहे. दोन्हीकडे गरज आज आहे आणि भरपाई नंतरची. दोन्हीकडे देणाऱ्याचा साठा अक्षय नाही. तो परतफेडीवर चालतो. गाळ काढला नाही, बांधाला माती घातली नाही, सांडवा तुंबू दिला, तर तळे परडीसारखेच एके वर्षी रिकामे वर येईल. कथेच्या रचनाकारांच्या मनात हे होते असे सिद्ध करता येणार नाही. कथेची आणि बांधाची रचना मात्र परस्परांना इतकी अनुरूप आहे की तो योगायोग म्हणून सोडून देणे समीक्षेला परवडणारे नाही.

नारळीकरांच्या कथेशी तुलना करता पहिला भेद लगेच जाणवतो. गंगाधरपंत पलीकडच्या काळातून बखरीचे पान घेऊन येतात. ते त्यांनी चोरलेले नाही, अनवधानाने आलेले आहे; पण ते दुसऱ्या जगाचे आहे आणि परत गेलेले नाही. कथेच्या दृष्टीने ते पान पुरावा आहे. धामापूरच्या दंतकथेच्या दृष्टीने पाहिल्यास ते न फेडलेले उसने आहे. ज्या बखरीचे एक पान फाटले ती बखर पलीकडच्या वाचकांसाठी अपुरी झाली, ही गोष्ट कथेत कोणालाच अस्वस्थ करीत नाही. विज्ञानकथेला पुरावा हवा असतो, दंतकथेला हिशेब. मराठी विज्ञानकथेने पुराव्याची बाजू जितक्या कसोशीने सांभाळली तितकी हिशेबाची सांभाळली नाही.

गावपळण

दंतकथेलाही मर्यादा आहे. तिच्यात विक्षोभ झाल्यावर उपाय नाही. एकाने लबाडी केली आणि सर्वांचे कायमचे बुडाले. शिक्षा आहे, दुरुस्ती नाही. दुरुस्तीची कल्पना मालवण तालुक्यातच, पण दुसऱ्या गावात सापडते. आचरे गावात साधारण चार वर्षांनी एकदा गावपळण होते. चिंदर, वायंगणी या शेजारच्या गावांतही ही प्रथा आहे. ग्रामदैवताचा कौल घेऊन सगळे गाव माणसे, गुरेढोरे, कोंबड्या यांसह वेशीबाहेर पडते. तीन दिवस व तीन रात्री लोक झोपड्या उभारून राहतात. गावात चूल पेटत नाही, शाळा भरत नाही, बाजार उघडत नाही. नंतर पुन्हा कौल घेतला जातो आणि मगच गाव भरतो.

या प्रथेची सांगड भुताखेतांच्या समजुतींशी घातली जाते, आणि अंधश्रद्धा म्हणून तिच्यावर टीकाही होते. ती टीका येथे खोडण्याचा हेतू नाही. सक्तीचा भाग असेल, आजारी व वृद्ध माणसांचे हाल होत असतील, तर त्याविषयी बोललेच पाहिजे. साहित्याच्या अभ्यासकाने पाहावयाची गोष्ट तिची कालरचना आहे. सलग चालत आलेल्या काळात साचलेला दोष काढायचा तर काळ काही वेळ बंद ठेवावा लागतो, अशी कल्पना तिच्या मुळाशी आहे. धरणाचा गाळ काढायचा तर पाणी सोडावे लागते, तसे. आणि हे काम कोणी तज्ज्ञ गावाच्या नकळत करीत नाही. ज्यांच्या काळाची दुरुस्ती व्हायची तेच सगळे त्यासाठी घराबाहेर पडतात. असिमॉव्ह यांच्या संस्थेत दुरुस्ती गुप्त असते आणि तिचा भार अजाण लोकांवर पडतो. गावपळणीत ती उघड आहे आणि भार सर्वांनी वाहायचा आहे. व्हीलर-फाइनमन यांच्या शोषक विश्वाशीच तिचे नाते अधिक जवळचे दिसते, कारण तेथेही शमन घडते ते एका बिंदूवर नव्हे तर काठावरच्या प्रत्येक कणाच्या प्रतिसादातून. नारळीकरांच्या प्रयोगशाळेतील काळ गावासारखा सामूहिक होता. त्यांच्या कथेतला काळ मात्र एकट्या प्रवाशाचा राहिला. एकाच लेखकाच्या दोन लेखनव्यवहारांतील हे अंतर समीक्षेने आजवर मोजलेले नाही.

या प्रदेशाच्या साहित्याने समूहाचा काळ हाताळलेला नाही असे नव्हे. दशावतारी खेळात पुराणातला राजा रंगमंचावर येतो आणि गावातल्या कालच्या भांडणावर बोलून जातो. प्रेक्षकाला त्यात विक्षोभ जाणवत नाही. देवळातल्या गाऱ्हाण्यात मागल्या पिढ्यांच्या चुका पदरात घेण्याची विनंती होते, आणि प्रत्येक वाक्यानंतर जमलेला गाव एकमुखाने ‘व्हय म्हाराजा’ म्हणतो. चूक एका पूर्वजाची असली तरी होकार सगळ्यांचा लागतो. ही सामग्री नाटककारांनी व ललित लेखकांनी वापरली. विज्ञानकथाकारांनी ती ‘अवैज्ञानिक’ म्हणून दूर ठेवली, आणि विज्ञानप्रसाराच्या चळवळीतून वाढलेल्या साहित्यप्रकाराच्या बाबतीत ते समजण्यासारखेही होते. १९६६ मध्ये स्थापन झालेल्या मराठी विज्ञान परिषदेच्या वातावरणात कौलावर चालणाऱ्या गावाची कथा स्पर्धेला पाठवण्याचे धाडस कोणी केले नसते. पण श्रद्धा न स्वीकारताही रचना उचलता येते. हॉइल यांनी प्राचीन ग्रीस उचलला, म्हणून ते काही अपोलोचे उपासक झाले नाहीत.

आज हा प्रश्न केवळ रुचीचा राहिलेला नाही. पावसाचे वेळापत्रक बिघडत चालले आहे. किनाऱ्यावर निसर्ग (२०२०) आणि तौक्ते (२०२१) या चक्रीवादळांनी लागोपाठच्या वर्षांत तडाखे दिले, आणि त्यांपैकी तौक्ते मालवणच्या किनाऱ्याला प्रत्यक्ष झोंबून गेले. ऋतूंचा क्रम ढळणे हा कालविक्षोभच आहे, आणि त्याच्या शमनाच्या योजना बहुतेक असिमॉव्ह यांच्या धर्तीच्या आहेत. त्या दूरवर आखल्या जातात, कमीत कमी हस्तक्षेपाचा हिशेब करून वरून लागू होतात. अशा वेळी दुरुस्ती कोणी करायची आणि तिचा भार कोणी वाहायचा, याविषयी कल्पना करून पाहणे हे विज्ञानकथेचे खास क्षेत्र आहे. मराठीत ती कथा लिहिली जाईल तेव्हा तिच्या केंद्रस्थानी कदाचित प्रवासी नसेल. सांडव्यातला पाला काढणारा, बांधावर माती घालणारा, कोणत्या वर्षी पाणी कोठवर आले होते याची खूण दगडावर ठेवणारा माणूस असेल. १५३० हे साल वारसा यादीत नोंदले गेले आहे. त्यानंतरच्या प्रत्येक पिढीत गाळ कोणी काढला याची नोंद कोठल्याच यादीत येत नाही.

गावपळणीच्या प्रथेत आणखी एक तपशील आहे. तीन रात्रींनंतर घेतलेला कौल अनुकूल मिळाला नाही, तर गाव लगेच आत जात नाही. मुक्काम एक दिवस वाढतो आणि कौल पुन्हा घेतला जातो. आझाद मैदानातून आपल्या जगात परत येताना गंगाधरपंतांना कोणालाच विचारावे लागले नव्हते.